नंदीबैल, वेडा राघू आणि लवूळची वानरं

बऱ्याच शनिवारांनी लिहायला बसलोय. आधी रिलीज होता, मग रिलीजमधले बग होते, मग बगच्या दुरुस्तीतले बग. असो. हा विषय डिसेंबर २०२१ पासून डोक्यात आहे, तो आज एकदाचा लिहून काढतो. थोडं लांबेल, चहा घेऊन बसा.

त्या डिसेंबरात ऑफिसच्या ग्रुपवर एक बातमी आली. बीड जिल्ह्यात, माजलगाव तालुक्यातल्या लवूळ गावी माकडांनी सूड म्हणून अडीचशे कुत्री मारली. आधी कुत्र्यांनी माकडाचं एक पिल्लू मारलं, म्हणून माकडं कुत्र्यांची पिल्लं उचलतात, झाडावर नाहीतर घराच्या छतावर नेतात आणि वरून टाकून देतात, असं त्यात होतं. दोन-तीन दिवसांत ही बातमी मराठी वाहिन्यांवरून इंग्रजी पेपरात आणि तिथून जगभर गेली. मीम्सचा पाऊस पडला. त्यातला एक मीही पुढे पाठवला, आणि त्या आठवड्यात ग्रुपवर सगळ्यात जास्त दाद त्यालाच मिळाली, हेही कबूल करतो.

संध्याकाळी मामांचा फोन. माझं आजोळ जालना जिल्ह्यात, घनसावंगी तालुक्यात. खाली गोदावरी, आणि ती ओलांडली की बीड जिल्हा. म्हणजे मीम बनवणाऱ्या अमेरिकेतल्या पोरांना लवूळ जेवढं लांब, तेवढंच मामांना जवळ.

"काय रं, तू पाठवलेलं ते वांदराचं खरंय का?"

मी पाठवलेलं! ऑफिसच्या ग्रुपवरून मावसभावाकडे, त्याच्याकडून मामांकडे. एका दिवसात.

"मामा, बातमी आहे ती. पेपरात पण आलीये."

"आपल्या मोसंबीत रोज पंचवीस-तीस येतात. तुझी मामी पोरांना अंगणात जाऊ देईना. डूख धरतात का रं ते?"

मला उत्तर देता येईना. म्हणजे माहिती अगदीच नव्हती असं नाही. प्राण्यांच्या बुद्धीवरची चार-पाच पुस्तकं घरात आहेत, हौसेनं वाचलेली आहेत. पण मळ्यात उभ्या असलेल्या माणसाला फोनवर सांगता येईल असं त्यातलं एकही वाक्य आठवेना. "नाही हो मामा, प्राण्यांना तसं काही नसतं" म्हणालो असतो तर ते खोटं झालं असतं. "हो, धरतात" म्हणालो असतो तर तेही खोटं, शिवाय उद्यापासून मळ्यात फटाके. शेवटी "बघून सांगतो" म्हणालो. आम्ही इंजिनिअर लोक क्लायंटला सांगतो तसं.

तर हा लेख म्हणजे ते बघणं.

सुरुवात नंदीबैलापासून करतो, कारण माझी स्वतःची सुरुवात तिथलीच आहे. लहानपणी आजोळी सुगी संपली की नंदीबैल यायचा. अंगावर रंगीबेरंगी झूल, शिंगांना गोंडे, आणि मालकाच्या हातात ते गुबुगुबु वाजणारं ढोलकं. "औंदा पाऊस पडंल का? सांग!" बैल मान हलवायचा. आजी पसाभर धान्य घालायची. मी सातवीत असताना तिनं मुद्दाम विचारलं, हा पास होईल का. बैलानं होकार दिला, मी पास झालो, आणि नंदीच्या बुद्धीबद्दल आमच्या घरात पुढे कुणी शंका घेतली नाही. :-)

मात्र ढोलक्याचा आवाज बदलला किंवा दोरी जराशी हलली की मान हलते, हे अंगणातल्या चार-दोन पोरांना तेव्हाही दिसत होतं. आम्ही ते मोठ्यांना सांगितलं नाही. खेळ बंद झाला असता ना.

याच खेळाची जर्मन आवृत्ती १९०४ साली बर्लिनमध्ये गाजत होती. फॉन ओस्टेन नावाच्या निवृत्त गणित शिक्षकाचा हान्स नावाचा घोडा. बेरीज विचारा, वजाबाकी विचारा, आजची तारीख विचारा. हान्स खुरानं जमिनीवर तितके ठोके मारायचा. मालक पैसे घेत नव्हता, त्यामुळे लबाडीचा संशयही येईना. शेवटी एक समिती नेमली गेली. तीत सर्कशीचा मॅनेजर होता, जनावरांचा डॉक्टर होता, शाळामास्तरही होते. समितीनं सांगितलं की यात हातचलाखी दिसत नाही.

मग ऑस्कर फुंग्स्ट नावाच्या तरुण मानसशास्त्रज्ञानं जे केलं त्याला आमच्या भाषेत ब्लॅक बॉक्स टेस्टिंग म्हणतात. त्यानं दोनच गोष्टी बदलल्या. एक, प्रश्न विचारणाऱ्यालाच उत्तर माहीत नाही अशी व्यवस्था केली. दोन, घोड्याला प्रश्न विचारणारा दिसणार नाही असं केलं. दोन्ही वेळा हान्स नापास! कोडं सुटलं ते असं: ठोके मोजता मोजता माणूस नकळत ताणलेला असतो, आणि बरोबर आकडा आला की त्याचं डोकं अगदी किंचित वर होतं. हान्स ते बघून थांबायचा. म्हणजे टेस्टरच उत्तर लीक करत होता. गंमत म्हणजे हे कळल्यावरसुद्धा फुंग्स्टला स्वतःची ती हालचाल पूर्णपणे थांबवता येईना. १९०७ मध्ये त्याचं पुस्तक आलं.

ही गोष्ट सगळीकडे "घोडा कसा मूर्ख ठरला" अशी सांगतात. मला हे कधीच पटलेलं नाही. अख्ख्या समितीला जे दिसलं नाही ते ज्याला दिसत होतं, तो मूर्ख कसा? त्याला गणित येत नव्हतं, एवढंच. त्याला माणूस वाचता येत होता. पण त्या वेळच्या शास्त्रज्ञांनी हान्सची धास्ती घेतली. त्याआधीच, १८९४ मध्ये, लॉइड मॉर्गन या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञानं नियम घालून दिला होता की साध्या क्षमतेनं वागणूक समजावता येत असेल तर तिच्यासाठी वरच्या दर्जाची बुद्धी गृहीत धरू नये. नियम चांगलाच आहे. हान्सनंतर मात्र तो इतका कडक पाळला गेला की पुढे कित्येक दशकं "प्राणी विचार करतो" असं प्रयोगशाळेत मोठ्यानं म्हणायची सोय राहिली नाही. एकीकडे प्राणी म्हणजे यंत्र मानणारे शास्त्रज्ञ, दुसरीकडे बैलाला पाऊस विचारणारे आपण. मधे बोलायला कुणी नाही.

आपल्याकडे आणखी एक प्रकार आहे, आणि तो मला नंदीबैलापेक्षा वाईट वाटतो. बिरबलाची माकडिणीची गोष्ट आठवते? हौदात माकडीण आणि तिचं पिल्लू सोडतात, पाणी वाढवत नेतात. पाणी गळ्याशी येईपर्यंत ती पिल्लाला डोक्यावर धरते, आणि नाकाशी आलं की पिल्लाला पायाखाली घेऊन त्यावर उभी राहते. तात्पर्य: जीव सगळ्यांनाच प्यारा. मी ही गोष्ट शाळेत ऐकली, कीर्तनात ऐकली आणि एकदा चक्क कंपनीच्या लीडरशिप ट्रेनिंगमध्ये ऐकली. तिचा थाट प्रयोगाचा आहे: हौद आहे, पाण्याची पातळी आहे, निरीक्षण आहे, निष्कर्ष आहे. फक्त किती माकडिणी, कुठे, कुणी पाहिलं, हे विचारायचं नाही! आणि ज्यांनी माकडांच्या मागे वर्षानुवर्षं खरंच पायपीट केली त्यांनी पाहिलं ते बरोबर उलटं आहे. वानराच्या माद्या मेलेलं पिल्लूसुद्धा कित्येकदा दिवसचे दिवस सोडत नाहीत, उराशी घेऊन फिरतात.

आता वानरांकडे येऊ. आधी एक खुलासा. बातम्यांत "माकड" म्हटलं होतं, पण लवूळच्या फोटोंतले प्राणी काळ्या तोंडाचे, लांब शेपटीचे होते. म्हणजे वानर, हनुमान लंगूर. लाल तोंडाचं, मदाऱ्याकडे असायचं ते माकड वेगळं. मामांच्या भाषेत हे "वांदर" आणि ते "माकड", आणि या बाबतीत मामा वृत्तवाहिन्यांच्या पुढे आहेत.

या वानरांवरचं सगळ्यात गाजलेलं संशोधन आपल्यापासून फार लांब झालेलं नाही. १९६१ मध्ये युकिमारू सुगियामा हे जपानी शास्त्रज्ञ धारवाडला आले. जपानी लोकांची पद्धत त्या काळी वेगळी होती. ते एकेक प्राणी ओळखायचे, त्याला नाव द्यायचे, कुणाची आई कोण, कुणाचा कुणाशी सलोखा, याचा माग ठेवायचे. पाश्चात्त्यांना हे जरा बाळबोध वाटायचं. पण प्रत्येक वानर ओळखीचं होतं म्हणूनच सुगियामांना १९६२ मध्ये एक गोष्ट दिसली. धारवाडजवळच्या एका टोळीवर बाहेरच्या नरांच्या टोळक्यानं हल्ला केला, जुन्या नराला हाकललं, शेवटी त्यांच्यातला एक तिथे टिकला. आणि त्यानं टोळीतली तान्ही पिल्लं एकेक करून चावून मारली.

१९६५ मध्ये हे छापून आलं तेव्हा अनेकांनी अपवाद म्हणून बाजूला ठेवलं. त्याआधी फिलिस जे या संशोधक बाईंनी उत्तर आणि मध्य भारतात वानरं पाहिली होती, ती बरीच शांत निघाली होती. मग १९७१ मध्ये एस. एम. मोहनोत यांनी जोधपूरहून तसंच काही नोंदवलं. त्याच वर्षी सारा हर्डी ही हार्वर्डची विद्यार्थिनी माउंट अबूला आली. गर्दी वाढली की प्राणी बिघडतात, त्यातलाच हा प्रकार असणार, अशा अंदाजानं ती आली होती. अबूत काही वर्षं वानरांच्या मागे हिंडल्यावर तिला स्वतःचाच अंदाज टाकून द्यावा लागला. पिल्लं गर्दीमुळे मरत नव्हती, नर बदलला की मरत होती. हिशेब असा: टोळीवर एका नराची सत्ता सरासरी दोन-सव्वादोन वर्षं टिकते. अंगावर पिणारं पिल्लू असेपर्यंत मादी पुन्हा माजावर येत नाही. दुसऱ्याचं पिल्लू मारणाऱ्या नराला स्वतःची पिल्लं लवकर होतात, आणि तसं वागण्याचा कल पुढच्या पिढीत उतरतो. माद्याही गप्प बसत नाहीत. त्या एकापेक्षा जास्त नरांशी संबंध ठेवतात, म्हणजे पिल्लू आपलंच असेल असं प्रत्येकाबाबत शक्य राहतं. १९७७ मध्ये हर्डीचं पुस्तक आलं आणि मोठं वादळ झालं. फिलिस जे (त्या तोवर फिलिस डोलिनो झाल्या होत्या) म्हणत राहिल्या की ही विकृती आहे, नियम नव्हे. वादाला वजनदार उत्तर मिळालं १९९९ मध्ये. कॅरोला बोरीस आणि सहकाऱ्यांनी नेपाळमधल्या रामनगरच्या वानरांच्या डीएनए चाचण्या केल्या. पिल्लं मारणारे नर त्या पिल्लांचे बाप नव्हते.

आता खरी अडचण इथे सुरू होते. हर्डीच्या पुस्तकाच्या उपशीर्षकात "स्ट्रॅटेजी" असा शब्द आहे. जीवशास्त्रात स्ट्रॅटेजी म्हणजे विचार करून आखलेला बेत नव्हे, पिढ्यान् पिढ्यांच्या निवडीतून टिकून राहिलेली वागण्याची रीत. नराला बापपण, वंश, सव्वादोन वर्षं यातलं काहीही "माहीत" असायची गरज नाही. पण तुम्हीआम्ही स्ट्रॅटेजी शब्द ऐकतो तो मीटिंगमध्ये. आपल्यासमोर लगेच हिशेबी, कपटी वानर उभं राहतं. शास्त्रज्ञानं एक पाठवलं, आपल्याला दुसरंच पोचलं, आणि मधे कुठेही एरर मेसेज आला नाही!

मराठीत हे जग पोचवलं ते व्यंकटेश माडगूळकरांनी. वानरांच्या टोळीवरची सत्ता बदलते तेव्हा काय घडतं, यावरचं "सत्तांतर" १९८२ मध्ये आलं आणि १९८३ मध्ये त्याला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी तात्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. ते संमेलन कुठे भरलं होतं माहितेय? अंबाजोगाईला. बीड जिल्ह्यात! लवूळच्या बातमीच्या अडतीस वर्षं आधी, मराठीत वानरांवर सगळ्यात मोलाचं लिहिणारा माणूस त्याच जिल्ह्यात मांडवात बसला होता. योगायोगच आहे, पण मला तो सोडवत नाही.

सत्तांतर छोटं पुस्तक आहे, एका बैठकीत होतं. यातली वानरं पंचतंत्रातली नाहीत, कुणाला शहाणपण शिकवायला आलेली नाहीत. ती खातात, भांडतात, झोपायची झाडं बदलतात, आणि अघोरी वाटावं असं वागतात. लेखक त्यांना माफही करत नाही आणि शिव्याही देत नाही. माझी तक्रार असेल तर फक्त नावाबद्दल. "सत्तांतर" म्हटलं की आपल्याला मंत्रालय दिसतं, आणि पुस्तक राजकारणाचं रूपक म्हणूनही वाचलं जातं. वाचा हवं तर. पण मग वानर हातातून सुटतं, उरतो फक्त माणूस.

आता उलटं उदाहरण. हिंजवडीच्या तारांवर तुम्ही एक पक्षी नक्की पाहिला असेल: हिरवागार, बारीक, शेपटीतून सुईसारखं पीस निघालेलं. तारेवरून उडतो, हवेत गिरकी घेऊन माशी पकडतो, परत तारेवर. पुन्हा उडतो, पुन्हा तिथेच. या येरझाऱ्यांवरून आपण त्याला नाव दिलं वेडा राघू.

हा वेडा राघू मातीच्या उभ्या दरडीत बीळ करून घरटं घालतो. आसपास शत्रू असला तर बिळात शिरत नाही, कारण शिरला की घरट्याचा पत्ता फुटला. पुण्याच्या आबासाहेब गरवारे महाविद्यालयातले मिलिंद वाटवे आणि त्यांचे विद्यार्थी यांनी यावर एक प्रश्न काढला. पक्षी फक्त "माणूस जवळ आहे" एवढंच बघतो, की "त्या माणसाला माझं घरटं दिसतंय का" हेही? प्रयोग ऐका. एक माणूस अशा जागी उभा करायचा जिथून घरटं दिसतं. मग त्याला जवळपास तेवढ्याच अंतरावर, पण आडोशामुळे घरटं दिसणार नाही अशा जागी उभं करायचं. पक्ष्याला माणूस दोन्हीकडे दिसतोच. आणि मोजायचं, पक्षी घरट्यात किती वेळा जातो. प्रयोगशाळा नाही, पिंजरा नाही, करोडोंची मशीन नाहीत.

माणसाला घरटं दिसत नसलं की पक्षी जास्त वेळा आत जात होते!

दुसऱ्याच्या जागेवरून जग कसं दिसतं याचा अंदाज घेणं ही क्षमता चिंपांझींना तरी आहे का, असा प्रश्न १९७८ मध्ये प्रीमॅक आणि वुडरफ यांनी विचारला होता आणि त्यावर अजूनही वाद चालतात. तोच प्रश्न पुण्यातल्या या मंडळींनी वेड्या राघूला विचारला. १९९९ मध्ये "करंट सायन्स"मध्ये आणि २००२ मध्ये "ॲनिमल कॉग्निशन"मध्ये त्यांचे निबंध आले. अर्थात मॉर्गनचा नियम इथेही लावायला हवा. पक्षी खरंच दुसऱ्याच्या मनाचा विचार करतो, की कोन आणि आडोसा यांवरून एखादा साधा नियम शिकलाय, हे एवढ्यावरून ठरत नाही. पण "जवळ माणूस, पळा" यापेक्षा तिथे नक्कीच काहीतरी जास्त चाललंय.

आता दोन्ही शेजारी ठेवून बघा. पिल्लं मारणारा नर पक्का हिशेबी दिसतो, आणि त्या वागण्याला डोक्यात एकही हिशेब लागत नाही. राघू वेडा दिसतो, आणि त्याला दुसऱ्याची नजर मोजावी लागते. बुद्धी कुठे आहे हे आपण वागणुकीच्या दिसण्यावरून, आपल्याला ती किती नाट्यमय वाटली त्यावरून ठरवतो, आणि दोन्हीकडे चुकतो. म्हणूनच मला वाटतं, सर्वसामान्य माणसाला प्राण्यांच्या बुद्धीबद्दल सांगताना नुसता निष्कर्ष सांगणं जवळजवळ निरुपयोगी आहे. "पक्षी हुशार असतात" हे वाक्य नंदीबैलाच्या मालकाचंच आहे. माणूस कुठे उभा केला, मग कुठे उभा केला, ही राघूची खरी गोष्ट. ती मी आईला दोन मिनिटांत सांगितली होती, आणि तिनं लगेच विचारलं, "आणि त्यानं डोळे मिटले तर?" बघा, शास्त्र कुठवर पोचलं! (उत्तर मला माहीत नव्हतं.)

बरं, मामांचा प्रश्न राहिलाच. डूख.

प्राणी डूख धरतात का, यावर खरे प्रयोग आहेत. सिएटलमध्ये जॉन मार्झलफ यांनी २००६ मध्ये गुहामानवाचा रबरी मुखवटा घालून कावळे पकडले आणि इजा न करता सोडून दिले. पुढे कित्येक वर्षं तो मुखवटा दिसला की कावळे गोंगाट करून अंगावर येत, मुखवट्याच्या आत कुणीही असो. जे कधी पकडले गेलेच नव्हते असे कावळेही त्यात सामील होत. दुसरा मुखवटा डिक चेनींचा होता, तो घालून कुणी काही केलं नव्हतं, आणि चेनींना कावळ्यांनी सहसा त्रास दिला नाही. (पिंडाला कावळा न शिवण्यामागे आपल्याकडे जे अर्थ लावतात त्यांचं यानंतर काय करायचं, हा वेगळ्या लेखाचा विषय.) २००७ मध्ये येन्सन, कॉल आणि टोमासेलो यांनी चिंपांझींवर केलेला प्रयोग आणखी नेमका आहे. चिंपांझीसमोरचं खाणं दुसऱ्या चिंपांझीनं ओढून नेलं, तर तो दोरी ओढून चोराचं टेबल कोसळवायचा. पण तेच खाणं माणसानं उचलून दुसऱ्याला दिलं, तर फारसं नाही. म्हणजे नुसता हेवा नाही, ज्यानं घेतलं त्याच्यावर राग. आणि १९९२ मध्ये ऑरेली आणि सहकाऱ्यांनी जपानी माकडांत पाहिलं की मार खाल्लेलं माकड पुष्कळदा मारणाऱ्याच्या नातेवाइकाला जाऊन मारतं. निबंधाच्या शीर्षकातच त्यांनी विचारलं होतं, ही सूडाची व्यवस्था तर नव्हे?

म्हणजे लवूळच्या लोकांनी "आमच्या पिल्लाचा बदला तुमच्या पिल्लांवर" असं म्हटलं तेव्हा ते काही अडाणीपणाचं बोलत नव्हते. पण वरचे तिन्ही अभ्यास बघा. कुणी केलं, कुणाला केलं, कधी केलं, आणि कारण काढून घेतल्यावरही वागणं टिकलं का, हे मोजलेलं आहे. लवूळच्या बाबतीत मी वाचलेल्या एकाही बातमीत अडीचशेचा आकडा कुणी मोजला ते नव्हतं. एका गावात अडीचशे पिल्लं व्हायला किती कुत्र्या लागतील, हा साधा भागाकारही कुणी केलेला दिसला नाही. मीही केला नव्हता, फॉरवर्ड करताना.

आणि वानरांची एक सवय त्या बातम्यांत कुठेच नव्हती. ती मला या सगळ्यात मोलाची वाटते. वानराचं नवजात पिल्लू गडद काळपट असतं, मोठ्यांच्या राखाडी रंगात उठून दिसतं. टोळीतल्या इतर माद्या त्यासाठी अक्षरशः झटापट करतात. पहिल्याच दिवसापासून पिल्लू या मावशीकडून त्या मावशीकडे फिरतं. फिलिस जे यांनी हे लिहिलंय, हर्डीनं लिहिलंय. तरुण, अननुभवी माद्या सगळ्यात उतावळ्या. त्या पिल्लाला वेडंवाकडं धरतात, ओढतात, कंटाळा आला की टाकूनही देतात. वानराच्या पिल्लाचं फारसं बिघडत नाही. ते घट्ट धरून बसतं, आणि आई येऊन घेऊन जाते.

आता तेच हात कुत्र्याच्या पिल्लाभोवती आहेत असं समजा. कुत्र्याच्या पिल्लाला पकडता येत नाही, पत्र्यावरून उतरता येत नाही. त्याची आई झाडावर येऊ शकत नाही. दूध नाही, पाणी नाही. ते भुकेनं मरेल, नाहीतर खाली पडेल. खालून बघणाऱ्याला काय दिसलं? वानरानं पिल्लू उचललं, वर नेलं, आणि ते मरून पडलं. लवूळमध्ये असंच झालं असा माझा दावा नाही. तिथे कुणी सावकाश बसून बघितलंच नाही, तर मी पुण्यात बसून कसा ठरवणार? पण एकाच दृश्याचे "सूड" आणि "मावशी" असे दोन अर्थ निघतात. कुठला खरा हे ठरवायला काही दिवस झाडाखाली बसून बघावं लागतं: नेणारी मादी की नर, पिल्लू छातीशी धरलेलं की फरफटत नेलेलं, सोडलं ते टाकून की नुसतं ठेवून.

तेवढा वेळ कुणाकडे नव्हता. १८ डिसेंबरला बातमी आली की नागपूरहून आलेल्या वनखात्याच्या पथकानं दोन वानरं पकडली, आता जंगलात नेऊन सोडणार. पेपरांनी लिहिलं, "आरोपी" जेरबंद. गाव घाबरलेलं होतं, खात्याला काहीतरी करणं भागच होतं, त्यात मी दोष काढत नाही. पण सूड म्हटल्यावर आरोपी लागतात, आणि आरोपी म्हटल्यावर पिंजरा लागतो. त्या दोन वानरांची टोळी कुठली, त्यांच्यामागे कोण राहिलं, याची बातमी झाली नाही. मीमही झालं नाही.

मामांना मी हे सगळं फोनवर सांगितलं नाही. पुढच्या महिन्यात संक्रांतीला गेलो तेव्हा बांधावर बसून मावश्यांची गोष्ट सांगितली. मामा समर्थांच्या जांबेच्या तालुक्यातले, शनिवारी मारुतीला तेल घातल्याशिवाय जेवत नाहीत, आणि वानरांनी अर्धी चावून टाकलेली मोसंबी बघून त्याच मारुतीच्या सैन्याला जे बोलतात ते इथे लिहिता येणार नाही. त्यांनी नीट ऐकून घेतलं. मग समोरच्या लिंबावर बोट दाखवलं. एक मादी बसली होती, मांडीवर काळं पिल्लू. दुसरी सरकत सरकत आली, हात घातला. पहिलीनं आधी तोंड फिरवलं, मग दिलं.

"ही दुसरी कोण लागती तिची?" मामांनी विचारलं.

मी म्हटलं, ते कळायला रोज बघावं लागेल, नावं ठेवावी लागतील.

"ठेवलीत की. ती धाकली हाय ना, तिला आम्ही पाटलीण म्हणतो. लई आगाव. मागच्या साली शेजारच्या वस्तीवरून मांजराचं पिल्लू उचलून आणलंतं तिनं."

"मग?"

"मग काय? तुझ्या मामीनं भाकर दाखवली, तवा सोडलं."